हल नगरींतील एक रस्ता

इंग्लंडांतील हल ह्या बंदरांत शिरणाऱ्या हमरस्त्यास क्लाइव्ह सलिव्हन ह्या वेल्श खेळाडूचें नांव आहे. सेनापतींचीं नांवें रस्त्यांस देण्याची चाल सर्वत्र आहे; चेंडू घेऊन धावणाऱ्या परक्याचें नांव देणारें नगर विरळें.

सलिव्हन ह्यांचा जन्म १९४३ सालीं कार्डिफ येथें एका कृष्णवर्णीय कुटुंबांत झाला. बालपणीं पायांवर शस्त्रक्रिया झाल्या. मुलगा धड चालेल कीं नाहीं, ह्याचीच डॉक्टरांस शंका होती. तोच १९६१ सालीं हलच्या संघांत आला. हा रग्बी लीगचा, म्हणजे तेरा गड्यांचा खेळ, उत्तर इंग्लंडांतील कामकऱ्यांचा. त्यांत पैसा मिळे; म्हणून पंधरा गड्यांच्या हौशी रग्बीचे अभिमानी तिकडे जाणाऱ्यास जन्मभर वाळींत टाकीत. आपल्याकडील ग्रामण्यच म्हणाना!

हलमध्यें संघ दोन, आणि त्यांचें वैर भाऊबंदकीचें. सलिव्हन ह्यांनीं एकासाठीं २५० व दुसऱ्यासाठीं ११८ ट्राय केल्या, आणि दोन्ही पक्षांस ते आपलेच वाटले. १९७२ सालीं ते ब्रिटनचे कर्णधार झाले. कोणत्याही खेळांत तो मान कृष्णवर्णीयास प्रथमच मिळाला. लियों येथील अंतिम सामन्यांत स्वतःच्याच अर्ध्या मैदानांतून निघून त्यांनीं ट्राय केली. ऑस्ट्रेलियाशीं १०-१० अशी बरोबरी झाली, परंतु साखळींतील सरशीमुळें विश्वचषक ब्रिटनकडे आला.

१९८५ सालीं, अवघ्या ४२ व्या वर्षीं, ते कर्करोगानें वारले. हौशीपणाचा तो निर्बंध १९९५ सालीं उठला, आणि पुत्र अँथनी वेल्सकडून दोन्ही प्रकारची रग्बी खेळला.