‘पडीक’ कोणाच्या हिशेबी?

सोलापूरच्या अक्कलकोट रोड एमआयडीसीत चादरी आणि टॉवेल विणणाऱ्या यंत्रमागांच्या शेडांमधून एखादा भूखंड मोकळा राहिलेला दिसला, की त्यास ‘पडीक’ म्हणण्याची आपल्याला सवय आहे. वसाहती उभ्या राहण्यापूर्वी या परिसरातील मुरमाड माळ कुसळी, पवन्या, मारवेल अशा गवतांचे होते. नांगर आणि बुलडोझर जेथे पोहोचलेला नाही, तेथे ती आजही तग धरून आहेत.

यांतील कुसळीचे उदाहरण घ्यावे. वीतभर माती असलेल्या खडकाळ जमिनीवर हे बहुवर्षायू गवत ठोंबाठोंबाने वाढते. त्याच्या बीजाला मागे बोटभर लांब कुसळ आणि पुढे अणकुचीदार टोक असते. हवा कोरडी झाली की कुसळ पिळले जाते, दव पडले की उलगडते. आणि या फिरण्याने बी गिरमिटासारखे जमिनीत शिरते. पेरणारा कोणी नाही, पेरणी मात्र चुकत नाही! कोवळे असताना ते उत्तम वैरण. कुसळे धरली की तेच मेंढ्यांच्या तोंडाला टोचते, लोकरीत अडकते. म्हणून धनगर कोणत्या माळावर केव्हा जावे याचे गणित पिढ्यान्‌पिढ्या सांभाळतो.

या गणिताला सरकारी दप्तरात रकाना नाही. 1830 च्या दशकात शेजारच्या इंदापूर तालुक्यात गोल्डस्मिड व विंगेट यांनी जमीनमोजणीची जी पद्धत बसविली, तिची दृष्टी साऱ्यावर होती. ज्यातून सारा येत नाही, ते दप्तराच्या लेखी निरुपयोगी ठरत गेले. इंग्रज गेला, सातबाऱ्यावरचा ‘पोटखराबा’ राहिला. माळावर चरलेल्या मेंढ्या शेतकऱ्याच्या रानात बसविल्या जातात, त्यांचे खत जमिनीला मिळते, लोकरीची घोंगडी होते. हे उत्पादन नव्हे, असे कोणते अर्थशास्त्र सांगते? उलट 2012-13 आणि 2018-19 च्या दुष्काळांत चारा छावण्यांवर झालेला सरकारी खर्च मात्र हिशेबात बिनचूक येतो.

हिरवाईच्या हौसेनेही माळाचे भले केलेले नाही. 2019 साली राज्याने 33 कोटी झाडांचे लक्ष्य ठेवले. खड्डे कोठे घ्यायचे, याचे उत्तर पुष्कळ ठिकाणी ‘माळावर’ असेच निघाले. माळढोक हा उघड्या गवताळ रानाचा पक्षी. बार्शी रस्त्यावरील नान्नजचे त्याचे अभयारण्य 1979 पासूनचे. तेथेही एकेकाळी ग्लिरिसिडियाची लागवड झाली. आता नान्नजला माळढोक दिसणे ही दुर्मीळ बातमी झाली आहे.

हे लिहिताना कारखाने नकोत असे मला म्हणावयाचे नाही. यंत्रमागावर राबणाऱ्याला रोजगार हवाच. आणि त्याच्याच गावाकडच्या भावाची चार शेरडे माळावर जगतात, हेही तितकेच खरे. पण औद्योगिक वसाहतीचा विस्तार असो वा सौर प्रकल्प, माळ घेताना तेथील वैरणीची किंमत प्रकल्पाच्या खर्चात धरली पाहिजे. महसुली नोंदींत ‘गवताळ माळ’ हा स्वतंत्र वर्ग हवा. सामाईक जमिनींवरील अतिक्रमणे हटवून त्या गावाच्या उपयोगासाठी परत द्याव्यात, असा आदेश सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी 2011 मध्ये जगपाल सिंग खटल्यात सर्व राज्यांना दिला होता. त्याचे आपल्या जिल्ह्यात काय झाले, हा प्रश्न पक्षाच्या कार्यकर्त्यांनी प्रत्येक ग्रामसभेत तलाठ्यासमोर गायरानाचा उतारा ठेवून विचारावा.