फवारणी झाली, पण कशाची?

गेल्या पावसाळ्याआधीची गोष्ट. आमच्या इमारतीच्या जिन्याजवळ एक कागद चिकटवलेला होता. ‘रविवारी सकाळी दहा वाजता सर्व खोल्यांचे निर्जंतुकीकरण होईल. रहिवाशांनी सहकार्य करावे.’ खाली सही. एवढेच.

आम्ही तो वाचला आणि पुढे गेलो. तुम्हीही गेला असता. कोरोनाच्या काळात हा शब्द इतक्या वेळा कानांवर पडला की त्याचा अर्थ विचारावा असे कोणाला वाटत नाही. निर्जंतुकीकरण म्हणजे फिनेलसारखे, ब्लीचिंगसारखे काहीतरी शिंपडणार, दोन तास वास राहील, मग खिडक्या उघडायच्या, झाले! आमच्या वरच्या मजल्यावरच्या सूनबाईंनीही तेच मानले. माणूस आला, पाठीवरच्या पंपाने चार भिंतींच्या कडेने आणि पलंगाखाली फवारा मारून गेला. घरात दहा महिन्यांची मुलगी. ती रांगणारी. मांडणीवरची भांडी उघडी होती, दुधाची बाटली ओट्यावर होती. सूनबाई म्हणाल्या, “जंतू मारायचं औषध आहे, बाळाला चांगलंच की.” आणि ओल्या फरशीवर मूल रांगू दिले.

दुपारी मुलीच्या तोंडातून लाळ वाहू लागली. घाम सुटला, उलट्या झाल्या. रिक्षात घालून दवाखान्यात नेले. डॉक्टरांनी पहिलाच प्रश्न केला, “घरात काय मारलं?” कोणाला सांगता येईना. पावती होती, तिच्यावर लिहिले होते ‘निर्जंतुकीकरण, एक खोली व मोरी’. डॉक्टर चिडले. “हे काय नाव झालं का औषधाचं?” त्यांनी बॅटरीने डोळे पाहिले. बाहुल्या टाचणीच्या टोकाएवढ्या झाल्या होत्या. त्यावरून त्यांनी ओळखले की हे कीटकनाशक आहे, तेही मज्जातंतूंवर काम करणाऱ्या जातीचे, आणि अॅट्रोपिनचे इंजेक्शन सुरू केले. मुलगी तिसऱ्या दिवशी घरी आली. आता ती जिन्यात धावते. पण बाहुल्यांकडे पाहण्याइतके अनुभवी डॉक्टर त्या दुपारी नसते तर काय झाले असते, हा विचार आमच्या मनातून जात नाही. म्हणून या आठवड्याचा मजकूर एका शब्दावर.

शब्द इंग्रजी आहे आणि शास्त्राचा आहे. डिसइन्सेक्शन. याचा सख्खा शेजारी डिसइन्फेक्शन. मराठीत लिहिले तर दोघांत ‘फे’ आणि ‘से’ एवढाच फरक. पण इन्फेक्शन म्हणजे जंतूंचा संसर्ग, आणि इन्सेक्ट म्हणजे किडा. पहिल्यात मारायचे ते डोळ्यांना न दिसणारे जंतू. दुसऱ्यात मारायचे ते डास, पिसवा, झुरळे, ढेकूण, उवा, माश्या. जगातल्या देशांनी मिळून केलेली आंतरराष्ट्रीय आरोग्य नियमावली २००५ सालची आहे. तिच्यात या दोन्ही शब्दांच्या व्याख्या वेगवेगळ्या दिल्या आहेत. डिसइन्सेक्शन म्हणजे सामान, माल, वाहने, टपालाची पार्सले यांतले रोग पसरवणारे कीटक मारणे किंवा आटोक्यात आणणे. उंदीर मारण्यासाठी तिसराच शब्द आहे. तीन शत्रू, तीन शब्द. आपल्याकडे मात्र तिन्हींना एकच कागद चिकटवतात.

आणि खरे बोलायचे तर निर्जंतुकीकरण हा शब्द डिसइन्फेक्शनलाही नीट बसत नाही. निर्जंतुकीकरण म्हणजे एकही जंतू शिल्लक न ठेवणे, जसे ऑपरेशनची हत्यारे दाबाखालच्या वाफेत उकळतात. खोलीचे ते होतच नाही. फरशी पुसली तर ते जंतुनाशन. किडे मारले तर ते कीटकनाशन. असे सोपे शब्द असताना जड शब्द का वापरतात? आम्हाला वाटते, जड शब्द ऐकला की माणूस पुढे काही विचारत नाही, म्हणून.

एका अक्षराचा हा घोळ आपल्या मुंबई-पुण्याने फार मोठ्या किमतीला पाहिला आहे. १८९६ च्या सप्टेंबरात मुंबईच्या मांडवी भागात डॉ. अकासिओ व्हिएगस यांनी प्लेगचा रोगी ओळखला. रोगाचा जंतू दोन वर्षे आधीच, १८९४ साली हाँगकाँगला सापडला होता. पण तो माणसापर्यंत पोहोचतो कसा, ते ठाऊक नव्हते. सरकारला वाटले, जंतू जमिनीत, भिंतीत, घाणीत, कपड्यांत आहे. मग सुरू झाले डिसइन्फेक्शन. घराघरांत कार्बोलिक अॅसिड, भिंतींना चुना, पंपाने पाण्याचे लोट, गरिबांच्या गोधड्या आणि चिंध्या रस्त्यावर काढून जाळणे, रोग्याला उचलून इस्पितळात आणि घरच्यांना छावणीत नेणे. फेब्रुवारी १८९७ मध्ये साथरोगांचा कायदा झाला आणि हे सगळे कायद्याच्या जोरावर होऊ लागले. गिरणगावातल्या अंधाऱ्या खोल्यांवर आणि महारवाड्या-मांगवाड्यांवर याचा मार किती पडला असेल, ते वेगळे सांगायला नको. रोग मात्र हटेना. कारण जंतू फरशीवर नव्हताच. तो उंदराच्या रक्तात होता आणि उंदराच्या अंगावरच्या पिसवेच्या पोटात होता. उंदीर मेला की थंड झालेले शरीर सोडून पिसवा निघतात आणि जवळच्या माणसाला चावतात. फरशी धुतली, पिसू राहिली.

त्याच साथीत पुण्याजवळ सावित्रीबाई फुले आणि डॉक्टर झालेले त्यांचे चिरंजीव यशवंतराव यांनी ससाणे मळ्यात दवाखाना उघडला होता. मुंढव्याच्या महारवाड्यातल्या पांडुरंग बाबाजी गायकवाडांच्या मुलाला प्लेग झाल्याचे कळताच सावित्रीबाई तिथे गेल्या आणि त्याला पाठीवर घेऊन दवाखान्यात आल्या. त्यांनाही प्लेग झाला. १० मार्च १८९७ रोजी त्या गेल्या. हे आपल्या घरातल्या पोरासोरांनाही पाठ आहे. पण त्याच्या पुढची तारीख सहसा कोणी सांगत नाही. पॉल-लुई सिमाँ या फ्रेंच डॉक्टराने कराचीत प्रयोग करून प्लेग पिसवेमार्फत पसरतो असे दाखवले, ते जून १८९८ मध्ये. म्हणजे सावित्रीबाई गेल्यानंतर सव्वा वर्षाने. त्यांच्या हाताशी कोणाचीच खरी माहिती नव्हती, सरकारचीही नव्हती.

सिमाँचे म्हणणेही लगेच कोणी मानले नाही. शेवटी १९०५ नंतर आपल्या परळमध्ये, आज जिथे हाफकिन संस्था आहे तिथे, प्लेग आयोगाने लहान-लहान खोल्या बांधून गिनिपिगांवर प्रयोग केले. जमिनीवर ठेवलेले गिनिपिग प्लेगने मेले. पिसवांची उडी पोहोचणार नाही इतक्या उंच टांगलेल्या पिंजऱ्यातले जगले. हवा तीच, खोली तीच. तेव्हा कुठे ‘फे’ आणि ‘से’ वेगळे झाले.

त्यानंतर जवळजवळ नव्वद वर्षांनी, १९९४ साली, बीड जिल्ह्यातल्या मामला गावात गाठींचा प्लेग दिसला. तेव्हा घराघरांत पिसवा मारण्याची भुकटी टाकली. प्लेगमध्ये नियमच असा आहे की आधी पिसू मारायची, मग उंदीर. उलटे केले तर उंदीर मरतो आणि त्याच्या पिसवा तुमच्या गोधडीत येतात. घरात उंदराचे औषध ठेवणाऱ्या भगिनींनीही एवढे ध्यानात ठेवावे: मेलेला उंदीर हाताने उचलू नये, चिमट्याने उचलावा आणि लगेच पुरावा.

हा शब्द विमानात वापरतात. पीतज्वर असलेल्या देशातून येणाऱ्या विमानात डास येऊ नये म्हणून फवारा मारतात. आपल्याकडे तो ज्वर नाही, पण तो पसरवणारा पट्टेरी डास मात्र घरोघरी आहे. डेंग्यू देणारा तोच. पण विमान राहू द्या. आमच्या आजीला हा शब्द ठाऊक नव्हता आणि ती दर वैशाखात डिसइन्सेक्शन करीत असे. खाट अंगणात काढायची, सुंभ सैल करायचा, सांध्यांत उकळते पाणी ओतायचे, मग दिवसभर उभी उन्हात ठेवायची. गोधड्या उकळायच्या. ढेकूण आणि त्याची अंडी उष्णतेने मरतात, आणि उकळत्या पाण्याला ढेकूण सरावत नाही. औषधाला मात्र तो सरावतो. पूर्वी ज्या औषधांनी मरत असे त्यांतल्या कित्येकांना आज दाद देत नाही. गव्हात कडुलिंबाचा पाला घालणे, डाळीला ऊन दाखवणे, पोरीच्या केसांतून बारीक फणी फिरवणे हेही तेच काम. यात विष कुठेच नाही.

विष येते तिथे विचारायला शिका. फवारणीवाला दारात आला की सरळ म्हणावे, “दादा, डबा दाखवा.” डब्यावर चौकोन असतो आणि त्यात रंगीत त्रिकोण. लाल म्हणजे सर्वांत जहाल, मग पिवळा, मग निळा, मग हिरवा. लाल त्रिकोणाचे औषध राहत्या खोलीत मारू देऊ नका. औषधाचे नाव पावतीवर लिहून घ्या, लिहीत नसेल तर मोबाइलवर डब्याचा फोटो काढा. दवाखान्यात तो फोटो दाखवला की डॉक्टरांचा अर्धा तास वाचतो. डायक्लोरव्हॉस नावाचे उग्र वासाचे औषध पूर्वी झुरळांवर सर्रास मारीत. ते ३१ डिसेंबर २०२० पासून देशात बंद आहे. जुना साठा कोणी स्वस्तात मारून देतो म्हणाला तर दार लावून घ्या.

आणखी एक शब्द या कामात घुसतो, धुरीकरण. धुरीकरण म्हणजे बंद जागेत विषारी वायू सोडून किडे मारणे. ते गोदामाचे काम आहे, घराचे नव्हे. धान्यात ठेवायची अॅल्युमिनियम फॉस्फाइडची गोळी हवेतल्या ओलाव्याने फॉस्फिन वायू सोडते. तीन ग्रॅमच्या एका गोळीतून एक ग्रॅम वायू निघतो. या वायूवर उतारा नाही. डॉक्टर प्रयत्न करतात, पण अॅट्रोपिनसारखे नेमके औषध याला नाही. शिवाय वायू भिंत ओळखत नाही. एका खोलीत ढेकणांसाठी गोळ्या ठेवून माणसे गावाला गेली आणि शेजारच्या खोलीतली मुले रात्री झोपेतच गेली, अशा बातम्या आपण वाचल्या आहेत. कायद्याने ही गोळी साध्या ग्राहकाला विकताच येत नाही. तरी मिळते. लसणासारखा किंवा सडक्या मासळीसारखा वास रात्री आला तर कारण शोधत बसू नये. मुलांना उचलावे, बाहेर पडावे, शेजाऱ्यांचे दार ठोठवावे.

महापालिकेची धुराची गाडी यापेक्षा निराळी. त्या धुराने उडणारे डास मरतात, पाण्यातल्या अळ्या मरत नाहीत. पिंप आठवड्यातून एकदा रिकामे करून, आतून घासून, कोरडे केले नाही तर गाडी गेल्यावर नवे डास हजर. पोरे गाडीमागे धावतात, त्यांना आवरा.

आणि तो पंपवाला. आम्ही त्याला शोधून काढला होता, भांडायला. निघाला आपल्यातलाच, कंत्राटावर रोजंदारीने काम करणारा, पंचविशीतला. तोंडाला रुमाल, हातात काही नाही, पायांत चप्पल. त्यालाच औषधाचे नाव ठाऊक नव्हते. डब्यातून बाटलीत ओतून त्याला दिले होते. “साहेब म्हणाले पाण्यात मिसळ आणि मार,” तो म्हणाला. भांडण तिथेच संपले. आम्ही विचारले, डोके दुखते का? “रोजच दुखतं, काका.” त्याचे कपडे घरी आई धुते, सगळ्यांच्या कपड्यांबरोबर एकाच टबात. आम्ही त्याला सांगितले ते इथेही लिहितो, कारण हे काम करणारी माणसे या अंकाच्या वाचकांतही असतील. कामाचे कपडे वेगळे भिजवा, हातमोजे आणि मास्क ठेकेदाराकडून मागून घ्या, वाऱ्याच्या तोंडावर फवारू नका, मध्येच विडी-तंबाखूला हात लावू नका, घरी आल्यावर मुलाला उचलण्याआधी साबणाने अंघोळ करा. २०१७ साली यवतमाळ जिल्ह्यात कपाशीवर फवारणी करताना कित्येक शेतकरी आणि शेतमजूर गेले. त्यांच्याही हातांत मोजे नव्हते.

२०२० च्या मार्च महिन्याअखेर उत्तर प्रदेशात बरेलीला गावी परतणाऱ्या मजुरांना रस्त्यावर बसवून त्यांच्या अंगावर ब्लीचचे पाणी फवारले होते. तिथेही शब्द निर्जंतुकीकरणाचाच. पुढच्या महिन्यात केंद्राच्या आरोग्य खात्याने माणसांवर असे फवारू नये म्हणून कळवले. जे फरशीसाठी असते ते अंगावर, जे ढेकणासाठी असते ते बाळाच्या फरशीवर.

या वर्षी आमच्या इमारतीत पुन्हा कागद लावायचा होता. मंडळाचा मुलगा आमच्याकडे आला, “काका, कोणता शब्द लिहू?” आम्ही सांगितले, कीटकनाशक फवारणी असे लिही. त्याखाली औषधाचे नाव, त्रिकोणाचा रंग, वेळ, आणि भांडी झाका, चार तास मुलांना बाहेर ठेवा, नंतर फरशी पुसून घ्या एवढे लिही. त्याने लिहिले. तळमजल्यावरच्या आजी चष्मा पुसत वाचत उभ्या राहिल्या. म्हणाल्या, “म्हणजे ढेकणाचं औषधच ना? मग तसं लिहा की.”

मुलाने आमच्याकडे पाहिले. आम्ही त्याच्याकडून पेन घेतले आणि वर मोठ्या अक्षरांत तसेच लिहिले.