शेंगाचटणीचा डबा

गेल्या शनिवारी सकाळी लोळत व्हॉट्सॲप चाळत होतो. कॉलेजच्या ग्रुपवर कळलं, की माझ्या जुन्या रूममेटची आई गेली. तीही तीन आठवड्यांपूर्वी! ज्या काकूंनी सोलापूरहून पाठवलेल्या कडक भाकरी आणि शेंगाचटणीवर मी हॉस्टेलची चार वर्षं काढली, त्या गेल्याचं मला असं कळावं?

आमचं भांडण वगैरे काही झालं नव्हतं हो. तो बंगळूरला गेला, मी हिंजवडीत. आधी रोज फोन, मग रविवारी, मग वाढदिवसाला, मग नुसता केकचा इमोजी. बस्स.

मानववंशशास्त्रज्ञ रॉबिन डनबार म्हणतो, की माणसाच्या अगदी आतल्या वर्तुळात साधारण ५ जणच मावतात. भेटणं-बोलणं थांबलं की माणूस आपसूक बाहेरच्या वर्तुळात सरकतो. पटतं. पण मग "बिझी होतो यार" ही आपली सबब अर्धीच खरी. वेळ सगळ्यांनाच कमी असतो. तो कोणाला द्यायचा हे आपणच ठरवतो, बऱ्याचदा न ठरवता.

माणूस गेलं की आपल्याकडे दहावा-तेरावा असतो. विधींवर विश्वास असो-नसो, त्यानिमित्ताने लोक घरी येऊन बसतात, शेजारी पिठलं-भात आणून देतात. विरलेल्या मैत्रीला ना सुतक, ना तेरावा. त्यामुळे ती संपल्याचं कळतसुद्धा नाही.

शेवटी फोन केला. "अरे, तुला कळवायचं राहूनच गेलं," उलट तोच ओशाळून म्हणाला. मग हॉस्टेलच्या आठवणींवर खळखळून हसला आणि मधेच गप्प झाला. दुःखाच्या त्या प्रसिद्ध पाच पायऱ्या एलिझाबेथ क्युब्लर-रॉस यांनी १९६९ साली मांडल्या, त्या मुळात मरणाच्या दारातल्या रुग्णांशी बोलून. मागे राहिलेल्यांचं दुःख काही वॉटरफॉल मॉडेलसारखं एकेक टप्पा संपवत पुढे जात नाही.

म्हणून माझं मत सांगतो. "काही लागलं तर सांग" हे वाक्य आपण बंद करूया. कोणीही सांगत नाही. उशीर झाला असेल, लाज वाटत असेल, तरी जावं.

रविवारी एसटीने सोलापूर गाठलं. काकांनी जेवायला वाढलं. चटणी विकतची होती. त्यावर कोणीच काही बोललं नाही.

असो. तुमचा तो एक नंबर आज फिरवाच.