श्रमाचें वस्त्र आणि चित्रकाराचा कुंचला

कला म्हणजे चौकटींत बसवून भिंतीवर टांगण्याची वस्तु, असा पुष्कळांचा समज असतो. जपानांत जाड डेनिमच्या जाकिटांवर कलावंत स्वहस्तें चित्रें रंगवितात. अशीं जाकिटें मोजकींच निघतात व त्यांची किंमतही भारी असते. तीं पाहून एखादा पालक विचारील, "मजुराच्या कापडावर ही चैन कशाला?" प्रश्न रास्त आहे, परंतु त्याचें उत्तर त्या कापडाच्या इतिहासांत शोधलें पाहिजे.

डेनिम हें मूळचें कष्टकऱ्यांचें कापड. त्याच्याच जातीच्या एका जाड्याभरड्या कापडास इंग्रजींत 'डंगरी' म्हणतात. हें नांव आपल्या मुंबईच्या डोंगरी भागावरून पडलें, असें कोशकार मानतात. जपानांतील ओकायामा प्रांतांत कोजिमा हें ठिकाण शाळेच्या गणवेशांसाठीं प्रसिद्ध होतें. तेथें १९६५ सालीं अमेरिकन डेनिमच्या विजारी शिवूं लागले, आणि १९७३ सालीं कुराबो कंपनीनें जपानांतच विणलेलें डेनिम बाजारांत आणलें. ताण्याचें सूत दोरासारखें एकत्र करून निळींत पुनःपुन्हा बुडवितात व हवेवर धरतात. त्यामुळें बाहेरून रंग चढतो, पण गाभा पांढरा राहतो. पुढें वापरानें निळाई झिजते आणि अंगाच्या हालचालींचा ठसा कापडावर उमटतो. साधारण डेनिम चौरस वारास बारा ते चौदा औंस भरतें. जाड डेनिम एकवीस औंस व त्याहूनही अधिक असतें.

श्रमाच्या वस्त्रावर चित्र काढणें ही जपानांत नवी गोष्ट नव्हे. एदो काळांत (१६०३–१८६८) आग विझविणारे लोक अनेकपदरी, दाट टांके घातलेले सुती अंगरखे पाण्यानें भिजवून घालीत. त्यांच्या आंतल्या बाजूस वीरांचीं व ड्रॅगनचीं चित्रें असत. आगींत शिरतांना साधी बाजू बाहेर असे. संकट टळल्यावर अंगरखा उलटून चित्र लोकांस दाखवीत. आधीं कर्तव्य, मग शोभा! तें चित्र त्या अंगरख्यानें कमाविलेलें असे.

माझें मत असें कीं, आजच्या जाकिटासही हीच कसोटी लावावी. नग थोडे म्हणून वस्तु थोर होत नाहीं. किंमत वाढेल या आशेनें जें जाकीट पेटींत कुलुपबंद राहतें, तें धड वस्त्रही नव्हे आणि धड कलाही नव्हे. उलट जें अंगावर वागतें, झिजतें आणि ज्याचें चित्र धन्याबरोबर म्हातारें होतें, त्यांत रंगारी, विणकर, शिंपी व चित्रकार या चौघांचाही मान राहतो.

विद्यार्थिमित्रहो, असें महागडें जाकीट तुमच्याजवळ नसलें तरी खंत करूं नका. तें निर्माण करणाऱ्या हातांची मात्र योग्यता ओळखा. आणि पालकांनो, आपला मुलगा किंवा मुलगी जुन्या कोटावर कुंचला चालवूं लागली, तर रागें भरण्यापूर्वीं रेषा नीट पाहावी. हातांतील कसब पुस्तकी विद्येहून कमी प्रतीचें आहे, ही समजूत घरांतूनच दूर झाली पाहिजे.