‘म्हणजे चान्स आहे तर!’ ही रील अर्ध्यावर कापलेली आहे



रविवारच्या बॅचमध्ये एका मुलाने प्रेझेंटेशनची शेवटची स्लाइड लावली आणि सगळा हॉल हसला. जिम कॅरीचा तो पुढचा दात तुटलेला चेहरा, कपाळावर वाटी ठेवून कापल्यासारखे केस आणि खाली एकच वाक्य : ‘म्हणजे चान्स आहे तर!’ ही रील तुम्हीही पाहिली असणार. निम्म्या मोटिव्हेशनल पेजेसवर ती फिरत असते. मीपण हसलो. मग त्याला विचारलं, “यानंतर पिक्चरमध्ये काय होतं, माहितीये का?”

त्याने पिक्चरच पाहिला नव्हता.

पिक्चर १९९४ चा, ‘डम्ब अँड डम्बर’. लॉइड (जिम कॅरी) आणि हॅरी (जेफ डॅनियल्स) हे दोघं एकमेकांहून बिनडोक जिवलग मित्र. लॉइड लिमोझिन चालवतो. मेरी नावाच्या बाईला तो एअरपोर्टवर सोडतो, ती तिची बॅग तिथेच ठेवून जाते, आणि ती बॅग परत द्यायला हे दोघं अमेरिका ओलांडून ॲस्पेनला निघतात. ॲस्पेन म्हणजे कोलोरॅडोतलं बर्फाचं गाव, श्रीमंत लोक स्कीइंगला जातात ते. (पिक्चरमधलं आलिशान हॉटेल मात्र ॲस्पेनचं नाही, एस्टेस पार्क नावाच्या दुसऱ्याच गावचं आहे. असो.)

तिथे लॉइड मेरीला विचारतो, आपलं जमायचे चान्सेस किती? ती म्हणते, फारसे नाहीत. हा विचारतो, शंभरात एक? ती म्हणते, दहा लाखांत एक. आणि हा गडी खुलतो. रील इथे संपते. पिक्चर संपत नाही. कारण नंतर कळतं की मेरीचं लग्न झालेलं आहे. लॉइड गडबडून जातो. नवरा? मग ते ‘दहा लाखांत एक’ काय होतं?

माझ्या मते अख्ख्या पिक्चरमधलं सगळ्यात भारी वाक्य हे आहे, आणि धंदेवाल्याच्या भिंतीवर लावायचं असेल तर हेच लावा. चान्स दहा लाखांत एक नव्हता, शून्य होता. मेरी फक्त सभ्यपणे बोलत होती आणि ह्याने नेमका प्रश्न विचारलाच नव्हता.

आता आपल्याकडे या. आपलं गिऱ्हाईक तोंडावर ‘नको’ म्हणत नाही. सॅम्पल खातं, ‘वा, घरची चव आहे हो’ म्हणतं आणि शेवटी म्हणतं, “बघू, कळवतो.” काकू असतील तर “दिवाळीला नक्की घेऊ.” आपला ‘दहा लाखांत एक’ तो हाच. आपण घरी येतो आणि वहीत लिहितो : पक्की गिऱ्हाइकं, अकरा.

त्या मुलाचं हेच झालं होतं. ज्वारीच्या भाकऱ्या मशीनवर करून ऑफिसच्या कँटीनना आणि मेसला पुरवायच्या, अशी त्याची योजना. योजना चांगली आहे, मी नाव ठेवत नाही. सहा जागी सॅम्पल दिलं, सहाही जण ‘कळवतो’ म्हणाले. त्या भरवशावर तो मुद्राच्या किशोर गटातून चार लाख उचलून मशीन घेणार होता. मी विचारलं, “सहापैकी किती जणांनी आगाऊ पाचशे रुपये दिले?” तो म्हणाला, “सर, असं कसं मागायचं?”

असं मागायला लाज वाटते, आणि चार लाख काढायला वाटत नाही!

इथे मी शहाणपणा शिकवतोय खरा, पण त्याच पिक्चरमधलं दुसरं एक वाक्य थेट माझ्यावर आहे. त्या बॅगेत खंडणीचे पैसे असतात. हॅरी-लॉइडला ते ॲस्पेनला गेल्यावर कळतं आणि मग ते उडवायला लागतात. भारी सूट, हॉटेलची खोली, लॅम्बोर्गिनी गाडी. शेवटी बॅग उघडली जाते तेव्हा आत नोटांऐवजी नुसत्या चिठ्ठ्या : अमुक देणं लागतो, तमुक देणं लागतो. लॉइड छाती पुढे काढून सांगतो की हे पैशांसारखंच आहे, पै न् पैचा हिशोब लिहिलाय, बेरीज करून बघा. गाडीची चिठ्ठी तेवढी जपून ठेवा म्हणतो, पावणेतीन लाख डॉलरची आहे.

बघा हं, त्यांचा हिशोब चोख होता. पैसेच नव्हते.

माझा पहिला धंदा केटरिंगचा. हिशोबाच्या बाबतीत मी फार कडक, रोज रात्री वही पूर्ण. एका वर्षी मे महिन्यातल्या लग्नाचा ॲडव्हान्स मार्चमध्येच हातात आला. त्यातून मी मागची भाजीवाल्याची उधारी फेडली आणि उरलेल्यातून टेम्पो रंगवला, दोन्ही बाजूंना जिलबी आणि मसालेभाताचे मोठे फोटो. वहीत सगळं लिहिलेलं होतं. लग्नाच्या दोन दिवस आधी किराणावाल्याने तेलाचे डबे उतरवू दिले नाहीत. म्हणाला, “आधीची चिठ्ठी मिटवा, मग नवीन.” माझी वही त्याला दाखवून काय उपयोग होता? शेवटी बायकोच्या मावशीकडे गेलो. त्यांनी एफडी मोडून दिली, एक शब्द न बोलता. ते न बोलणंच अजून लागतं. ते पैसे फेडायला मला दीड वर्ष लागलं.

म्हणून हॅरीच्या गाडीवर मला धड हसता येत नाही. कुत्र्यांना आंघोळ घालायचा त्याचा धंदा. त्यासाठी त्याने आयुष्यभराची बचत घालून व्हॅनलाच कुत्र्याचं रूप दिलेलं, वरून केस, पुढे जीभ. नोकरी जाते तेव्हा त्याला आठवतं ते हे, की नुसता अलार्मच दोनशे डॉलरला पडला होता. पुढे लॉइड ती व्हॅन एका पोराला देऊन बदल्यात छोटीशी मोटारसायकल घेऊन येतो. आयुष्यभराची बचत, आणि तिची बाजारातली किंमत तेवढीच. तुमच्यापैकी जे दुकान उघडण्याआधी लोगो आणि इंटिरियरवर पैसे ओतताय, त्यांनी हा सीन पुन्हा एकदा बघा. दोघांचं स्वप्न काय होतं माहितीये? गांडुळांचं दुकान. नाव तयार होतं. गांडुळं कोण घेणार, हे पिक्चर संपेपर्यंत कुणी विचारत नाही.

काही जण म्हणतील, सर, आशा नको का ठेवायला? ठेवा ना. आशेवर जीएसटी नाही. पण आशा स्वतःच्या खिशातून ठेवा. बँकेच्या, मावशीच्या, गिऱ्हाइकाच्या ॲडव्हान्सच्या नको. आणि ‘कळवतो’ ऐकलं की तिथेच, हसत हसत, पुढचा प्रश्न विचारा : “सध्या कुणाकडून घेता? त्यांच्याकडे काय कमी पडतं? सोमवारपासून पन्नास पाठवू का, आठवड्याचे आगाऊ?” उत्तर ‘नाही’ आलं तर पाच मिनिटांत आलं, फुकट आलं.

त्या मुलाने मशीनचं कोटेशन बाजूला ठेवलं आणि मंगळवारी सहाही ठिकाणी परत गेला. संध्याकाळी फोन आला. एका मेसने आठवड्याचे पैसे दिले, रोज चाळीस भाकऱ्या. त्या सध्या त्याची आई तव्यावर करणार आहे. दोघांनी पुन्हा ‘बघू’ म्हटलं, दोघांनी सरळ नाही म्हटलं. आणि सगळ्यात मोठं कँटीन, ज्याच्यावर त्याचं अर्धं गणित उभं होतं?

“त्यांचं एका बचत गटाशी वर्षभराचं आधीच ठरलंय,” तो म्हणाला. “लग्न झालेलं निघालं, सर.”