जकार्तातही डोळ्यांना पदर

मैत्रिणींनो, परवा मुलुंडला आमच्या बचत गटाची बैठक होती. सात वाजत आले तशी एकेकीची चुळबुळ सुरू झाली. मालिकेची वेळ! तेवढ्यात एक काकू म्हणाल्या, "अहो ताई, माझी सून जकार्ताला असते ना, तिथल्या बायकाही आपल्या मालिका बघून रडतात म्हणे!"

सगळ्या हसल्या, पण ते खरं आहे. २०१३ सालची हिंदी 'महाभारत' मालिका २०१४ मध्ये इंडोनेशियात एएनटीव्ही वाहिनीवर तिथल्या भाषेत लागली आणि अर्जुन झालेला शाहीर शेख तिथे घराघरांत पोचला. पुढे 'उतरन'ही गाजली. महाभारत त्यांना नवं नाहीच. जावा बेटावर चामड्याच्या बाहुल्यांच्या सावल्यांतून ते शतकानुशतकं सांगितलं जातं. आपल्या सिनेगीतांचा ठेकाही त्यांनी उचलला, त्यात मलय सूर मिसळले आणि 'दांगदुत' हे स्वतःचं लोकप्रिय संगीत उभं केलं.

रडक्या मालिका त्यांच्याकडेही आहेतच. पण मला कौतुक वाटतं ते सिनेमाचं. १९९० च्या दशकात तिथला सिनेमा जवळजवळ बंद पडला होता. तो पुन्हा उभा राहिला, त्यात मीरा लेस्माना या निर्मातीचा मोठा वाटा. तिचा २००८ चा 'लास्कर पेलांगी' म्हणजे बेलितुंग बेटावरची मोडकी शाळा, दहा गरीब मुलं आणि त्यांना वाऱ्यावर न सोडणारी तरुण शिक्षिका. ना कटकारस्थानं, ना दागिन्यांचा झगमगाट. तरी ४० लाखांहून जास्त तिकिटं खपली!

हे सांगण्याला कारण आहे. आमच्या वस्तीतली एक लेक सासरचा मार खाऊन माहेरी आली. आई काय म्हणाली? "मालिकेतली ती बघ, किती सोसते. शेवटी तिचंच चांगलं होतं ना!" माझ्या अंगावर काटा आला. मालिकेत सोसण्याचं फळ मिळतं, कारण तसं कुणीतरी लिहिलेलं असतं. आपल्या लेकीचा पुढचा भाग कोण लिहिणार?

मालिका बंद करा, असं मी म्हणणार नाही. पोळ्या लाटता लाटता मीही बघतेच. पण आता आमच्या बैठकीत शेवटची दहा मिनिटं आम्ही मालिकेवरच बोलतो. प्रश्न एकच : हिच्या जागी आपली लेक असती तर तिला आपण काय सांगितलं असतं?

तुम्हीही विचारून बघा. ती लेक सध्या आईकडेच आहे, शिवणाचा क्लास लावलाय.