रंग भरावा, पण विचारून

ब्लॅक अँड व्हाइट सिनेमा लागला की मुलं लगेच चॅनेल बदलतात. त्यामुळे जुन्या चित्रपटांना रंग द्यावा की नाही, हा वाद आता फक्त सिनेमावाल्यांचा राहिलेला नाही. तो आपल्या घरातही आला आहे.

‘मुघल-ए-आझम’ १९६० साली आला, तेव्हा शीशमहालातल्या गाण्यासारखा थोडाच भाग रंगीत होता. १२ नोव्हेंबर २००४ रोजी, दिवाळी आणि ईदच्या दिवसांत, तो पूर्ण रंगीत होऊन पुन्हा लागला. त्या निमित्ताने तरुण मुलांच्या कानांवर ती डौलदार उर्दू पडली. मी उर्दू शिकवते. मला याचं मोल कळतं. ‘नया दौर’ २००७ मध्ये रंगीत झाला तेव्हा बी. आर. चोप्रा हयात होते, ‘हम दोनों’ २०११ मध्ये झाला तेव्हा देव आनंद होते. त्यामुळे सरसकट नावं ठेवणं मला पटत नाही.

पण हा रंग येतो कुठून? जुन्या फिल्मवर फक्त उजेड आणि सावली असते. ओढणी हिरवी होती की लाल, हे ती सांगत नाही. ते कुणीतरी अंदाजाने ठरवतं.

‘प्रभात’चा ‘माणूस’ १९३९ चा. त्याचे नायक शाहू मोडक आपल्या नगरचे. त्याला आज रंग द्यायचा तर विचारणार कुणाला? व्ही. शांताराम १९९० मध्ये गेले. त्यांना रंगाचं वावडं नव्हतं. १९५५ मध्ये त्यांनी ‘झनक झनक पायल बाजे’ रंगीत केला. तरीही १९५७ चा ‘दो आँखें बारह हाथ’ ब्लॅक अँड व्हाइटच ठेवला. म्हणजे रंग नसणं ही दर वेळी उणीव नसते.

आता तर मोबाईल दादीच्या निकाहचा फोटोही क्षणात रंगवून देतो. मुलं तोच खरा मानतात. दादी हयात असेल तर आधी तिला विचारा, ‘दादी, जोडा कोणत्या रंगाचा होता?’ ती सांगेल ते लिहून ठेवा. रंगीत प्रत हौसेने करा, पण मूळ फोटो टाकू नका. सिनेमाचंही तसंच. मुलांना रंगीत दाखवा, मग दहा मिनिटं मूळचाही दाखवा. मूळ प्रत ही अमानत आहे. ती पुढच्यांच्या हाती जशीच्या तशी द्यायची असते.